ॲटलासची चुंबळ

बरेच दिवस झाले, इथे काही लिहिलंच नाही. दोघातिघांनी विचारलं, "लिहिणं सोडलंस की काय?" मावशीने तर थेट फोनच केला, "बरी आहेस ना गं?" बरी आहे. फक्त गणपतीनंतरचे तीन महिने आमचं सगळं घर एका हाडाभोवती फिरत होतं. आज त्या हाडाबद्दल, आणि खरं म्हणजे त्याच्या नावाबद्दल लिहायचं आहे.

तर झालं असं, की २०२५चे गणपती जाऊन चारच दिवस झाले होते. पहाटे बाबा न्हाणीघरात घसरले. वय वर्षं एक्क्याऐंशी. आवाज ऐकून धावले तर भिंतीला टेकून बसलेले. तोंडातून निघालेलं पहिलं वाक्य काय, तर "आधी नळ बंद कर. टाकी रिकामी होईल." (बदलापूरकरांना यातलं काही नवीन वाटणार नाही.)

"लागलं का?" तर मान हलवून "नाही". दोन दिवस अशीच मान हलवून "नाही, नाही" चाललं होतं. तिसऱ्या दिवशी ती हलवताना ओठ घट्ट मिटलेले दिसले, तेव्हा काही न विचारता रिक्षात घातलं आणि उल्हासनगरला नेलं. आधी एक्सरे, मग सीटी स्कॅन. डॉक्टरांनी पडद्यावरचं काळंपांढरं चित्र पेनाच्या टोकाने दाखवलं. म्हणाले, "मानेच्या पहिल्या मणक्याला बारीक चीर आहे. ॲटलासला."

मी घाबरून पुढचं ऐकायचा प्रयत्न करत होते. बाबा मात्र एकदम उजळले.

"ॲटलास? माझी सायकल होती ती!"

डॉक्टर हसले. मीही हसले. आणि मग गळ्याभोवती कडक कॉलर, अडीच महिने मान अजिबात हलवायची नाही, झोपतानासुद्धा काढायची नाही, अशी सक्त ताकीद घेऊन आम्ही परत बदलापुरात आलो. रिक्षाचा प्रत्येक खड्डा मी स्वतःच्या मानेत मोजला.

*

बाबांची ॲटलास उल्हासनगरातूनच आलेली. १९७२ सालची गोष्ट, माझ्या जन्माच्या आधीची. चार नंबर कॅम्पात एका सिंधी शेठचं दुकान होतं, तिथून हप्त्यावर घेतली. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या लोकांसाठी कल्याणजवळच्या लष्करी छावण्यांतून हे गाव उभं राहिलं. ८ ऑगस्ट १९४९ला त्याचं उल्हासनगर असं नामकरण झालं, उल्हास नदीवरून. पण 'कॅम्प' हा शब्द काही गेला नाही. बाबा अजून "उल्हासनगरला" म्हणत नाहीत, "कॅम्पात" म्हणतात. तो शेठ म्हणे हप्ता घेताना दर वेळी म्हणायचा, "हम तो खाली हाथ आये थे, तुम्हारे पास तो सायकिल है!"

त्या सायकलवरून बाबा रोज बदलापूरहून अंबरनाथच्या एमआयडीसीत जायचे. एका कारखान्यात फिटर होते. जाताना डबा, येताना काहीही. रेशनचं पोतं, रॉकेलचा डबा, पुढच्या दांड्यावर मी, मागे कॅरिअरवर दादा. १९८४ साली काका गेले. तेराव्याला आत्याने बाबांना हळूच विचारलं, "वहिनी आणि पोरं?" बाबा काही बोलले नाहीत. मान हलवली. फक्त खालीवर. एवढ्यावर आमच्या दोन खोल्यांत चारांची सात माणसं झाली, आणि सायकलवर अजून एक पोतं चढलं. (काकू, तिची दोन मुलं. आकडा बरोबर आहे, कोणी तपासू नये.)

पुढे त्या कारखान्याला टाळं लागलं. बाबा तेव्हाही काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी नेहमीच्या वेळी सायकल काढली आणि संध्याकाळी दुसरीकडे काम बघून आले.

सायकलच्या पुढच्या बाजूला, हँडलच्या खाली, एक बिल्ला होता. त्यावर डोक्यावर गोळा घेतलेला एक माणूस. लहानपणी मला खात्री होती की तो मारुती आहे, द्रोणागिरी घेऊन चाललेला. दसऱ्याला मी त्या बिल्ल्याला हळदकुंकू लावायचे. शाळेत गेल्यावर बाई म्हणाल्या, "उद्या सगळ्यांनी ॲटलास आणा," तर मला घामच फुटला. सायकल वर्गात कशी न्यायची? नकाशांच्या पुस्तकालाही ॲटलास म्हणतात हे कळलं, तेव्हा मी माझ्यापुरता उलगडा करून घेतला. सायकलवाली कंपनी नकाशेही छापते. सायकल दिल्यावर रस्ता दाखवायला नको का?

*

त्या रात्री झोप लागेना. बाबांच्या खोलीत खाली गादी टाकून पडले होते. मोबाइल काढला आणि 'ॲटलास' शोधत बसले. भीती वाटली की काही माणसं जप करतात, मी वाचते.

तर मंडळी, मूळ ॲटलास हा ग्रीक पुराणातला. टायटन नावाचे जे जुने, दांडगे देव होते, त्यांच्या कुळातला. माणसांना अग्नी आणून देणाऱ्या प्रोमिथियसचा भाऊ. झ्यूस आणि त्याचे भाईबंद यांच्याशी टायटनांची लढाई झाली, टायटन हरले आणि झ्यूसने ॲटलासला शिक्षा दिली. पृथ्वीच्या पश्चिम टोकाला उभं राहायचं आणि डोक्यावर आणि हातांवर आकाश तोलून धरायचं. कायमचं.

हो, आकाश! पृथ्वी नव्हे. मीही आयुष्यभर पृथ्वीच समजत होते. आपल्याकडे पृथ्वी शेषाच्या डोक्यावर, म्हणून तिकडची ॲटलासच्या, असा सरळ हिशेब. पण हेसिअड या ग्रीक कवीने जवळजवळ सत्तावीसशे वर्षांपूर्वी स्पष्ट आकाश म्हटलं आहे. मग घोटाळा कुठे झाला? नेपल्सच्या संग्रहालयात ॲटलासचा एक संगमरवरी पुतळा आहे, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला. त्याच्या खांद्यावर मोठा गोळा आहे आणि त्या गोळ्यावर देश नाहीत, नक्षत्रं कोरलेली आहेत. शिल्पकाराने आकाश बाहेरून बघितलं तर कसं दिसेल ते दाखवलं. पण गोळा म्हटला की बघणाऱ्याला पृथ्वीच आठवते. ओझं वाहणाऱ्याच्या डोक्यावर नेमकं काय आहे, हे बघायला कोण जवळ जातंय!

एकदा हे कळल्यावर बाकीची नावं एकेक करून उलगडत गेली. मोरोक्कोपासून ट्युनिशियापर्यंत पसरलेला ॲटलास पर्वत. तिथल्या एका शिखराला स्थानिक लोक आकाशाचा खांब म्हणतात, असं हेरोडोटसने लिहून ठेवलंय. आकाश पेलणारा म्हातारा मेड्युसाचं मुंडकं बघून दगड झाला आणि त्याचाच पर्वत झाला, अशीही कथा आहे. त्या पर्वतापलीकडचा समुद्र तो ॲटलासचा समुद्र, म्हणजे अटलांटिक. शाळेत पाठ केलेल्या महासागराच्या पोटात बाबांची सायकल होती तर!

नकाशांच्या पुस्तकाची गोष्ट जरा वेगळी आहे. मर्केटर नावाच्या नकाशाकाराने आपल्या मोठ्या ग्रंथाला हे नाव दिलं. तो १५९४ साली गेला आणि पुस्तक पुढच्या वर्षी, १५९५ साली त्याच्या मुलाने बाहेर काढलं. मर्केटरच्या डोळ्यांसमोर शिक्षा भोगणारा टायटन नव्हता. मॉरिटेनियाचा ॲटलास नावाचा एक विद्वान राजा होता, त्याने आकाशाचा पहिला गोल बनवला, अशी एक कथा आहे. मर्केटरने त्या राजाच्या नावाने पुस्तक काढलं. म्हणजे एकाच नावात एक हमाल आणि एक पंडित. लोकांनी मात्र पंडित विसरून हमालच लक्षात ठेवला. हे मला आवडलं.

आकाशातही त्याला जागा मिळाली. कृत्तिकांचा पुंजका आहे ना, त्या ग्रीकांच्या मते ॲटलासच्या सात मुली. त्याच पुंजक्यातल्या एका ताऱ्याचं नाव ॲटलास. आता आपल्या पुराणात कार्तिकेयाला कृत्तिकांनी वाढवलं. म्हणजे नात्याने ॲटलास हा कार्तिकेयाचा आजोबा लागला. (व्याही कोण, हे ज्याचं त्याने ठरवावं.) शिवाय शनीचा एक छोटासा चंद्र ॲटलास. जगातल्या सगळ्यात मोठ्या पतंगांपैकी एक ॲटलास, लिनियसने १७५८ साली ठेवलेलं नाव. पंख पसरले तर वीतभराहून मोठा.

आणि नेमकं त्याच दिवाळीत पेपरात रोज धूमकेतूच्या बातम्या. जुलै २०२५मध्ये चिलीतल्या एका दुर्बिणीने आपल्या सूर्यमालेच्या बाहेरून आलेला पाहुणा शोधला. असा हा तिसराच. पहिला २०१७ साली, दुसरा २०१९ साली. याचं नाव ३आय/ॲटलास. पृथ्वीवर आदळू शकणाऱ्या लघुग्रहांवर पाळत ठेवणाऱ्या यंत्रणेच्या इंग्रजी नावाची आद्याक्षरं जुळवून हा शब्द केलाय. बाबा कॉलरमुळे पेपर डोळ्यांसमोर सरळ धरून वाचत. एका सकाळी आतून ओरडले, "अगं ए, माझ्या मानेचं नाव आलंय पेपरात!"

*

पण मला सांगायची आहे ती गोष्ट पुढेच आहे.

ॲटलासच्या आयुष्यात एकदाच, फक्त एकदाच, कोणीतरी त्याचं ओझं घेतलं. तो हर्क्युलिस. (आता सायकलवाल्यांनी कान टवकारले असतील. आमच्या आळीत दोनच पक्ष होते, सोनिपतची ॲटलास आणि मद्रासची हर्क्युलिस. शेजारचे काका हर्क्युलिसवाले, आणि ते पंक्चर झाले की आमची ॲटलास मागायला यायचे. तेव्हा हे वैर पुराणातलं आहे हे कुणाला माहीत होतं!)

हर्क्युलिसला सोन्याची सफरचंदं हवी होती. ॲटलास म्हणाला, मी आणून देतो, तोवर तू आकाश धर. हर्क्युलिसने धरलं. ॲटलास सफरचंदं घेऊन आला खरा, पण एकदा मोकळी झालेली मान परत आकाशाखाली घालायची त्याला इच्छा होईना. म्हणाला, फळं मीच नेऊन पोचवतो, तू राहा इथेच. हर्क्युलिस वस्ताद. म्हणाला, हो हो, राहतो की. फक्त जरा क्षणभर धर, डोक्यावर चुंबळ करून घेतो.

मी गादीवर उठून बसले. चुंबळ! ॲपोलोडोरसच्या नावावर असलेल्या जुन्या ग्रंथात हा प्रसंग आहे आणि तिथला ग्रीक शब्द आहे 'स्पेइरा'. त्याचा अर्थ वेटोळं, पीळ. इंग्रजी 'स्पायरल' त्याच्याच वंशातला. आमची आजी जुन्या लुगड्याच्या धडप्याला पीळ देऊन, त्याचं वेटोळं करून डोक्यावर ठेवायची आणि कुळगावच्या विहिरीवरून दोन हंडे आणायची, ती काय वेगळी होती? अजूनही बारवीच्या बाजूच्या वाड्यांमधून मोळ्या घेऊन येणाऱ्या बाया बदलापूरच्या रस्त्यावर दिसतात, त्यांच्या डोक्यावर असते ती हीच. दोन हजार वर्षांमागच्या ग्रीक पुस्तकातला देव आणि माझी आजी एकाच वस्तूची गरज बोलत होते.

गोष्टीचा शेवट तुम्हाला कळला असेलच. भोळ्या ॲटलासने सफरचंदं खाली ठेवली, आकाश परत डोक्यावर घेतलं आणि हर्क्युलिस फळं उचलून चालता झाला. चुंबळ त्याची त्याने केलीच नाही. आणि ॲटलासला तर ती कुणी दिलीच नाही. मला सगळ्यात जास्त वाईट वाटलं ते याचं. तो फसला ते वेगळंच. पण डोक्यावर काहीतरी मऊ ठेवल्याशिवाय इतका भार घेता येत नाही, हे त्याला ऐकताक्षणी पटलं. त्याच्याइतकं हे कुणाला कळणार? म्हणून तर तो फसला.

दुसऱ्या दिवशी बाबांना त्या हाडाचं चित्र दाखवलं. आपल्या पाठीच्या बाकी मणक्यांना पुढच्या बाजूला एक जाडजूड ठोकळा असतो, भार पेलायला. ॲटलासला तो ठोकळाच नाही. ते नुसतं कडं आहे. वर पाच एक किलोचं डोकं, खाली सबंध पाठीचा कणा, आणि मध्ये हे गोल पोकळ कडं. ज्या कुणी त्याला ॲटलास म्हटलं, त्याने डोक्याचा गोळा आणि खाली उभा माणूस बघितला असणार. मला मात्र ते ॲटलासच्या डोक्यावर नसलेल्या चुंबळीसारखं दिसलं.

बाबांनी चष्मा लावून, चित्र डोळ्यांच्या पातळीवर धरून बराच वेळ बघितलं. मग फिटरच्या आवाजात म्हणाले,

"हा तर वॉशर आहे."

"म्हणजे?"

"लोखंडावर लोखंड थेट बसवलं की दोन्ही झिजतात. मध्ये वॉशर लागतो. स्वस्तातली वस्तू. पण कुणी टाकायची आळस केला की मशीन जातं."

*

डॉक्टरांनी मान हलवायला बंदी केली होती. त्याचा खरा अर्थ मला आठवड्याभराने समजला.

आपण "हो" म्हणून मान खालीवर करतो, ती कवटी आणि ॲटलास यांच्यामधल्या सांध्यात. आणि "नाही" म्हणून डावीउजवीकडे करतो, ती ॲटलास आणि त्याच्या खालचा मणका ॲक्सिस यांच्यामधल्या सांध्यात. आपले होकार आणि नकार दोन्ही त्या एका कड्याच्या वर आणि खाली राहतात. बाबांचं सगळं आयुष्य या दोन सांध्यांवर चाललं होतं. कुणी काही मागितलं की खालीवर. "तुम्हाला काही हवंय का?" विचारलं की डावीउजवीकडे. तोंड उघडायची गरजच कधी पडली नाही.

आता कॉलरमुळे दोन्ही बंद. आता शब्द लागणार होते.

पहिले काही दिवस हाताने खुणा करून पाहिल्या. मग एका रात्री मी दिवा घालवताना सवयीने विचारलं, "बाबा, काही हवंय?" आणि अंधारातून आवाज आला, "हो."

मी दाराशीच थांबले.

"जरा बस इथे. झोप येत नाही. दुखतंय."

बावन्न वर्षांत मी बाबांच्या तोंडून "दुखतंय" हा शब्द ऐकला नव्हता. त्या रात्री ते बोलत राहिले. काका गेल्यावर मान हलवली तेव्हा आतून किती घाबरले होते ते. कारखाना बंद झाला त्या संध्याकाळी सरळ घरी न येता शिवमंदिरात जाऊन बसले होते ते. "तुझ्या आईला सांगायचं कसं, ते ठरत नव्हतं. तिथे त्या खांबांकडे बघत बसलो."

ते खांब मलाही माहीत होते. अंबरनाथचं शिवमंदिर शिलाहारांच्या काळातलं, तिथला शिलालेख शके ९८२चा, म्हणजे १०६० सालचा. महाशिवरात्रीच्या जत्रेला बाबा आम्हाला सायकलवरून न्यायचे. आत मंडपात खांबांच्या माथ्यावर बुटके, गोलमटोल यक्ष बसवलेले असतात. छताचा भार हातांवर आणि खांद्यांवर घेतलेले. त्यांना भारवाहक म्हणतात, कीचक म्हणतात. ग्रीक देवळांमध्येही असे असतात. सिसिलीतल्या झ्यूसच्या देवळात सुमारे साडेसात मीटर उंचीचे होते. आणि त्यांना काय म्हणतात, ओळखा पाहू? ॲटलांटीज, म्हणजे ॲटलासचं अनेकवचन! तिकडे एका ॲटलासची माळ झाली, इकडे भीमाने चेंदामेंदा केलेला एक कीचक प्रत्येक खांबावर जाऊन बसला. गंमत म्हणजे आमच्या गावाच्या नावातच अंबर आहे. आणि गाभारा पायऱ्या उतरून खाली, वरचं शिखर अपुरं, त्यामुळे गाभाऱ्यावर थेट आकाश. मंडपातले कीचक छत पेलतात. गाभाऱ्यावरचं अंबर मात्र कुणाच्याच डोक्यावर नाही. ते आपलं आपण राहिलंय. कारखाना बंद झाला त्या संध्याकाळी बाबा याच दोहोंच्या मध्ये बसले होते.

*

आता माझ्याबद्दल. हे लिहू की नको, असं बरंच झालं. पण नातेवाईकच वाचणार आहेत, तर लिहितेच.

बाबांचं सगळं मी करत होते. सकाळी त्यांचं आवरायचं, मग बँकेत उल्हासनगर शाखेत हजर, संध्याकाळची गर्दीची गाडी पकडून परत, रात्री दर दोन तासांनी उठून कॉलर सरकली का ते बघायचं. दादा बंगळूरला. रोज फोन करायचा, "काही हवंय का गं?" आणि मी म्हणायचे, "नाही रे, सगळं ठीक आहे." फोनवर मान दिसत नाही म्हणून, नाहीतर बोललेही नसते. डावीउजवीकडे. मी बाबांचीच मुलगी.

आतून मात्र धुसफूस चालू होती. याला कळत कसं नाही? मी मनातल्या मनात आकाश उचलून एकदाचं त्याच्या डोक्यावर ठेवत होते आणि पळून जात होते. म्हणजे मी ॲटलासही होते आणि हर्क्युलिसही.

बाबांनी अंधारात "हो" म्हटलं, त्याच्या दुसऱ्या दिवशी विठ्ठलवाडी की उल्हासनगर, कुठल्या तरी फलाटावरून मी दादाला फोन केला. म्हटलं, "दादा, मला दुखतंय." तो घाबरला. म्हटलं, "पडले नाहीये. पण एकटीने होत नाहीये. तू बाबांना घेऊन जा असं म्हणत नाही, ते बदलापूर सोडणार नाहीत आणि मलाही चैन पडणार नाही. दर महिन्याला चार दिवस ये. रात्री तू ऊठ, मी झोपते. बस्."

पलीकडे थोडा वेळ गाडीची घोषणाच ऐकू येत होती. (ती माझ्याच बाजूची होती, पण असो.) मग दादा म्हणाला, "मी रोज विचारत होतो गं. तू नाही म्हणायचीस."

खरंच होतं ते. रोज विचारत होता. चुंबळ हातात घेऊन उभा होता आणि मी मान हलवत होते.

तो शुक्रवारी आला. चार दिवसांनी गेला. पुढच्या महिन्यात परत आला. काकूचा मुलगा, तोच जो १९८४ साली आमच्याकडे आला, आता दर रविवारी दुपारी येऊन बसतो, बाबांना पेपर वाचून दाखवतो. आपल्याकडे कृष्णाने गोवर्धन उचलला तेव्हा गोपाळांनी खालून काठ्या लावल्या होत्या. त्या काठ्यांनी डोंगर तोलला गेला नसेलही. पण गोष्ट सांगणाऱ्याला त्या काठ्या गाळाव्याशा वाटल्या नाहीत. बिचाऱ्या ॲटलासच्या गोष्टीत एकही काठी नाही.

बाबांची सायकल आता नाही. साहिबाबादचा ॲटलासचा कारखाना ३ जून २०२०ला बंद झाल्याची बातमी आली. तो दिवस होता जागतिक सायकल दिन. तेव्हा बाबांनी पेपर घडी करून ठेवला होता आणि मान हलवली होती. खालीवर की डावीउजवीकडे, ते माझ्या लक्षात राहिलं नाही.

नोव्हेंबरच्या शेवटी कॉलर निघाली. चीर भरून आली होती. डिसेंबरात दादा आला तेव्हा बाबा म्हणाले, मंदिरात जाऊ. तिघं रिक्षाने अंबरनाथला गेलो. गाभाऱ्याच्या पायऱ्या त्यांना उतरू दिल्या नाहीत, मंडपातच खांबाशी बसवलं. दादाने एका हाताने त्यांच्या मानेला मागून आधार दिला, तेव्हा त्यांनी हळूहळू वर बघितलं. कीचक आपले बसलेलेच होते, गेली साडेनऊशे वर्षं.

"वॉशर नाही टाकलेला," बाबा म्हणाले.

परतताना संध्याकाळ झाली होती. रिक्षा एका खड्ड्यात आदळली. मी वळून विचारलं, "बाबा, दुखली का मान?"

सवयीने ती डावीकडे वळायला लागली होती. मध्येच थांबली.

"थोडी दुखली," बाबा म्हणाले. "त्याला जरा हळू चालवायला सांग."